पोटात एक, पाटीवर एक

पोटभाडेकरू नावाचा माणूस मी अजून पाहिलेला नाही. दुकानात बसलेले भाचे पाहिलेत, मॅनेजर पाहिलेत, 'आमच्या गावचा पोरगा आहे, धंदा शिकतोय' म्हणून ओळख करून दिलेले पंचेचाळीस वर्षांचे पोरगे पाहिलेत. भागीदार तर पोत्याने पाहिलेत. पण 'होय, मी या दुकानाच्या भाडेकरूचा भाडेकरू' असं छातीठोक सांगणारा इसम कुणाला भेटलाच, तर त्याचा जाहीर सत्कार करायला हवा. सत्काराचा हॉल कुणाच्या नावावर घ्यायचा, एवढा प्रश्न आधी सोडवावा लागेल.

पुण्या-मुंबईच्या जुन्या बाजारातला कुठलाही दहा बाय बाराचा गाळा घ्या. वर पाटी अमुक ब्रदर्स, छत्र्यांचे व्यापारी. आत छत्री एकच, तीही मोबाइलची कव्हरं विकणाऱ्याने ओली म्हणून दाराआड उभी केलेली. डाव्या भिंतीला झेरॉक्स मशीन. पायरीवर घड्याळं दुरुस्त करणारा. पोटमाळ्यावर एक करसल्लागार, ज्याच्याकडे जाताना शिडीवरून आपला पाय झेरॉक्सवाल्याच्या खांद्याला लागतो आणि आपण रीतसर नमस्कार करतो. ब्रदर्सपैकी थोरले वारले. धाकटे उपनगरात मुलाकडे असतात आणि दर महिन्याच्या पाच तारखेला येतात. पाच तारखेलाच का, असं विचारलं तर चौघेही एकसुरात सांगतात, "काका सहज येतात."

काकांच्या या सहज येण्यामागे एक अख्खा कायदा उभा आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात मुंबईत जागेची टंचाई झाली, तेव्हा भाडी गोठवली गेली. १९४७ च्या मुंबई भाडे नियंत्रण कायद्याने ती १ सप्टेंबर १९४० च्या पातळीला खिळ्याने ठोकली. कायदा तात्पुरता होता. आपल्याकडे तात्पुरत्या गोष्टींना जे आयुष्य लाभतं ते यालाही लाभलं, आणि मुदतवाढी घेत घेत त्याने पन्नाशी ओलांडली. १९९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की ही गोठवलेली भाडी आता वाजवी राहिलेली नाहीत. मग महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ आला, ३१ मार्च २००० पासून लागू झाला आणि घरमालकाला वर्षाला चार टक्के वाढ मिळाली. दीडशे रुपये भाडं असेल तर वर्षाला सहा रुपये. ते वसूल करण्यासाठी वकिलाकरवी नोटीस पाठवायची, तर पोस्टाचाच खर्च त्याहून जास्त.

त्यामुळे जुन्या गाळ्याला दोन भाडी असतात. एक पावतीवरचं, एक बाजारातलं. पावतीवरचं मालकाला मिळतं आणि बाजारातलं काकांना. या दोहोंमध्ये जे अंतर आहे त्यावर काकांचा दवाखाना, नातवाची फी आणि वर्षाकाठी एक चारधाम एवढं सगळं बसतं. यात काका लबाड आहेत असं मानू नका. भाडेकरूने परस्पर दुसऱ्याला जागा देणं कायद्याने बेकायदा, हे त्यांना पाठ आहे. म्हणूनच तर त्यांनी कुणाला जागा दिलेली नाही. लोक आपले येऊन बसलेत.

या सगळ्या विश्वाचा एक पवित्र दिवस आहे. १ फेब्रुवारी १९७३. त्या दिवशी काय घडलं हे शाळेच्या इतिहासात शिकवत नाहीत, पण धोबीतलावच्या लघुवाद न्यायालयाच्या जिन्यावर कुणालाही विचारा. कायद्यात दुरुस्ती झाली आणि त्या तारखेला जो कुणी चालू परवान्यावर, म्हणजे लीव्ह अँड लायसन्सवर, जागेत होता तो भाडेकरू मानला गेला. त्यामुळे साक्षीच्या पिंजऱ्यात येणाऱ्या माणसाला स्वतःच्या लग्नाची तारीख आठवत नाही, पण १ फेब्रुवारी १९७३ ला सकाळी दुकानात कोण कोण होतं हे तो चहाच्या कपासकट सांगतो. तो गुरुवार होता आणि दत्ताच्या तसबिरीला नुकताच हार घातला होता, हेही सांगतो. समोरचा वकील शांतपणे त्याचं जन्मसाल विचारतो. ते १९६९ निघतं.

पोटभाडं सिद्ध करायचं तर दोन गोष्टी दाखवाव्या लागतात. एक, तिऱ्हाईत माणूस जागेचा पुरता ताबा घेऊन बसलाय. दोन, त्याबद्दल पैसे दिले जातायत. आता बेकायदा भाड्याची पावती कोण फाडणार? हे न्यायालयांनाही कळतं. म्हणून मालकाने तिऱ्हाइताचा ताबा दाखवला, की हा कोण आणि इथे का, हे सांगायची जबाबदारी भाडेकरूवर येते. इथून पुढे मालकाच्या घरात गुप्तहेर खातं सुरू होतं. गुमास्ता परवाना कुणाच्या नावावर, लाइट बिल कोण भरतो, जीएसटीच्या प्रमाणपत्रावर कुणाचा फोटो, सगळं जमा होतं. मुलीच्या लग्नात काढले नसतील एवढे फोटो मालक दुकानाच्या पाटीचे काढतो. शेवटी मालकाचा मेहुणा गिऱ्हाईक बनून जातो, नको असलेला हातरुमाल घेतो आणि बिल मागतो. तिथेच घात होतो. चाळीस रुपयांच्या रुमालाचं पक्कं बिल मागणारा माणूस पाहिल्याबरोबर समोरच्याला कळतं, की हा कोर्टातून आलाय.

या हेरगिरीवरचा उतारा म्हणजे भागीदारी. स्टॅम्पपेपरवर एक करारनामा, दोन साक्षीदार, 'उभयपक्षी नफा-तोटा वाटून घेण्याचे ठरले असे', की पोटभाडेकरूचा भागीदार होतो. खरी भागीदारी असेल तर ते पोटभाडं नाही, हे न्यायालयांनीही मानलंय. भाडेकरू स्वतः धंद्यात हवा, हिशेब त्याने बघायला हवा, दुकानावरचा त्याचा ताबा सुटलेला नसावा. तो सगळं सोडून घरी बसला असेल, तर करारनामा म्हणजे नुसता पडदा, आणि तो बाजूला करून आत बघायचा अधिकार कोर्टाला आहे. तो कसा बाजूला होतो, हे मी एकदा मागच्या बाकावर बसून ऐकलं. पिंजऱ्यात सत्तरीचे एक काका. टोपी हातात.

"हे तुमचे भागीदार ना?"

"भागीदार कसले, भावासारखे."

"भावाचं नाव सांगा."

"शेठ."

"पूर्ण नाव?"

काकांनी आपल्या वकिलाकडे पाहिलं. वकिलांनी पंख्याकडे पाहिलं.

"बरं. धंद्यात तुमच्या वाट्याला नफा किती येतो?"

"महिना पंचवीस हजार."

"दर महिन्याला पंचवीसच?"

"दर महिन्याला. माणूस शब्दाला पक्का."

"लॉकडाऊनमध्ये दुकान बंद होतं तेव्हा?"

"तेव्हा पंधरा. शेठ बोलले, काका, यंदा जरा सांभाळून घ्या."

"आणि तोटा झाला तर?"

"तोट्याचं शेठ बघतात. ते खातं त्यांच्याकडे."

"दुकानात सध्या धंदा कसला चालतो?"

काका बराच वेळ विचारात पडले. मग म्हणाले, "आधी कसला होता, ते सांगितलं तर चालेल?"

टाइप करणाऱ्या बाईंची बोटं थांबली होती. न्यायाधीशांनी चष्मा पुसायला घेतला. काकांच्या वकिलांनी पुढची तारीख मागितली आणि ती देताना मला वाटतं कोर्टालाही थोडी दया आली असावी.

कागदावर काय लिहिलंय यावर कोर्ट जात नाही, हे तर फार जुनं आहे. १९५९ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे दिल्लीच्या इंपीरियल हॉटेलातल्या एका केशकर्तनकाराचं प्रकरण आलं होतं. हॉटेलातल्या कपडे ठेवायच्या खोल्यांत त्याचं दुकान होतं आणि कागदावर शब्द 'लायसन्स' असा होता. तो नुसता परवानाधारक की भाडेपट्टेदार, हा वाद. न्यायालयाने सांगितलं, कागदाला नाव काय दिलंय हे महत्त्वाचं नाही. दोघांच्या मनात नक्की काय होतं ते बघायचं. इतका स्पष्ट निकाल मिळाल्यावर आपल्या लोकांनी काय करावं? त्यांनी आणखी जोमाने कागदाला नावं ठेवायला घेतली. कमिशन एजन्सी करार, काउंटर सेवा करार, व्यवसाय चालविण्याचा करार. मी तर 'स्नेहसंबंध पत्र' असं शीर्षक असलेला एक कागद पाहिलाय. स्नेहाची अनामत रक्कम चार लाख होती.

दुकानात कोण बसतो, हा झाला पहिला वाद. तो काय करतो, हा दुसरा. जागा ज्या कामासाठी घेतली त्याहून वेगळ्याच कामाला वापरू नये, हे १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यातच लिहिलंय. आता वेगळं म्हणजे किती वेगळं? इथे सर्वोच्च न्यायालयाचे निकाल एका ओळीत मांडून पाहावेत. १९८८ : विलायती दारूच्या दुकानात जनरल स्टोअर्स उघडलं. चालेल. १९८९ : सायकल-रिक्षा दुरुस्तीच्या दुकानात टीव्ही विकायला ठेवले. चालेल. १९९३ : आपल्याकडच्या मुंबई भाडे कायद्याखालचं प्रकरण, उसाच्या रसाच्या दुकानात कापड विकायला घेतलं. चालणार नाही, जागा खाली करा. २००० : रेडिओ, सायकली, पंखे, घड्याळं आणि स्टीलच्या फर्निचरच्या दुकानात किराणा भरला. खाली करा.

नैतिक अंगाने बघणारा माणूस इथे पुरता गोंधळतो. दारू सोडून साबण विकणाऱ्याला अभय, हे एकवेळ समजतं. पण रसवंती बंद करून परकर-पोलकी विकण्यात असं काय पाप आहे? तर्क आहे, पण तो वस्तूंमध्ये नाही. राज्याराज्याच्या कायद्याचे शब्द वेगळे, करार वेगळे. करारात 'धंद्यासाठी' एवढंच मोघम असेल, नवा धंदा जुन्याच्या जवळपासचा असेल आणि इमारतीला इजा नसेल, तर न्यायालय दुकानदाराला जगू देतं. काळ बदलला की धंदाही बदलणार. पण करारात 'फक्त' हा शब्द पडला, की खेळ संपला. रेडिओ-पंखेवाल्याच्या करारात तो होता. पाच धंद्यांची यादी आणि सोबत 'फक्त'. यादीत सहावा किराणा घालायला त्या वेळी शाई पुरली नसेल.

यात मला सगळ्यात आवडतो तो १९७८ चा निकाल. हिमाचलातला एक गरीब चप्पल शिवणारा. दिवसभर दुकानात काम करायचा, रात्री तिथेच मागच्या बाजूला चूल पेटवून दोन घास शिजवायचा आणि तिथेच पथारी टाकायचा. मालकाने दावा लावला की दुकानाचं घर केलं. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी तो मानला नाही. कारागीर दुकानातच जेवला-झोपला म्हणून दुकानाचं दुकानपण जात नाही. हा निकाल वाचल्यावर आमच्या बाजारातले दुपारी दीड ते चार शटर अर्धं ओढून आत घोरणारे पुणेकर दुकानदार कायद्याने किती सुरक्षित आहेत, हे माझ्या ध्यानात आलं.

याउलट काहीच न करणं धोक्याचं. दाव्याच्या आधी सलग सहा महिने, सबळ कारण नसताना, जागा ठरलेल्या कामासाठी वापरली नाही, तर तीही जागा खाली करून घ्यायला पुरेशी आहे. म्हणून गावोगाव अशी दुकानं आहेत जी रोज सकाळी साडेदहाला उघडतात, एक म्हातारे गृहस्थ आत जाऊन उदबत्ती लावतात, गल्ल्यावर फडकं मारतात, दोन शेजाऱ्यांना 'आज गिऱ्हाईक कमीच' असं मुद्दाम मोठ्याने सांगतात आणि अकराला शटर ओढतात. चुकून एखादं गिऱ्हाईक आलंच, तर त्यांची तारांबळ उडते. माल नसतो. मात्र गिऱ्हाईक आल्याचा साक्षीदार म्हणून त्याचं नाव आणि पत्ता ते लिहून घेतात. विजेचा वापर दिसायला हवा म्हणून एक झिरोचा बल्ब अहोरात्र जळत असतो. त्या बल्बखाली एक पूर्ण भाडेकरार जिवंत ठेवलेला असतो.

पक्क्या बांधकामाचंही असंच. मालकाच्या लेखी परवानगीशिवाय कायमचं बांधकाम केलं, तर जागा जाते. पण कायमचं म्हणजे काय, यावर इतके दावे झाले की १९९९ च्या कायद्याने एक स्पष्टीकरणच जोडलं : पालिकेच्या परवानगीने केलेलं लाकडी पार्टिशन, स्वयंपाकाचा ओटा, हवेसाठी खिडकी, फॉल्स सीलिंग, एसी, धुराडं वगैरे गोष्टी त्यात धरायच्या नाहीत. कायदेमंडळाने स्वयंपाकघराच्या ओट्यावर एवढा बारकाईने विचार केलेला पाहून कुणाही गृहिणीला भरून येईल. पोटमाळा मात्र यादीत नाही. पोटमाळा आणि पोटभाडेकरू दोघेही एकाच घराण्यातले. दिसतात सगळ्यांना, कागदावर कुठेच नसतात.

आता मालकाकडे वळू. इतका वेळ तो बिचारा वाटला असेल. पण मालकाला हे सगळं पहिल्या दिवसापासून माहीत असतं. तो त्याच झेरॉक्सवाल्याकडे भाडेपावत्यांच्या प्रती काढतो. मोबाइलवाल्याकडून कव्हर घेतो, तेही निम्म्या भावात. दिवाळीला चौघांकडून चार मिठाईचे पुडे येतात आणि तो ते घेतो. मिठाईची पावती द्यायची नसते. तीस वर्षं असं गोडीगुलाबीने चालतं. आणि एक दिवस वाड्यासमोर एक पांढरी मोठी गाडी थांबते, पांढरे बूट घातलेला एक माणूस उतरतो आणि मान वर करून इमारतीकडे प्रेमाने बघतो. त्याच संध्याकाळी मालकाला साक्षात्कार होतो, की आपल्या गाळ्यात कुणी तिऱ्हाईत घुसलाय! दाव्यात लिहिलेलं असतं, 'वादीस ही बाब नुकतीच समजून आली.' मालकाचे वकील ठामपणे सांगतात, की माहीत असणं वेगळं आणि परवानगी देणं वेगळं. मिठाईबद्दल दोन्ही बाजू मौन पाळतात.

मग दावा चालू होतो. मूळ वादी जातो, वारस नोंदवले जातात. मूळ प्रतिवादी जातो, त्याचेही वारस येतात आणि त्यांतल्या निम्म्यांना दुकान कुठे आहे हेच माहीत नसतं. कोर्ट कमिशनर पाहणीला येतो तेव्हा झेरॉक्सवाला रजेवर, घड्याळवाला गावी आणि गाळ्यात मध्यभागी काका, चार नव्या छत्र्या उघडून. खाली निकाल लागला की अपील, त्यावर उच्च न्यायालय. या काळात छत्र्यांना खरंच गिऱ्हाईक मिळू लागल्याचंही एक उदाहरण मला माहीत आहे.

भाडेकरू कंपनी असेल तर आणखी गंमत. भरणा झालेलं भांडवल एक कोटी किंवा त्याहून जास्त असलेल्या खासगी किंवा पब्लिक लिमिटेड कंपनीला या कायद्याचं संरक्षणच नाही. म्हणजे धंदा वाढल्याचे पेढे वाटायचे, पण नव्व्याण्णव लाखांच्या पुढे नाही.

आणि एवढ्या मारामाऱ्या झाल्यावर शहरात आता 'को-वर्किंग' नावाचा प्रकार आलाय. एका कंपनीने मजला भाड्याने घ्यायचा, त्याचे टेबलागणिक तुकडे करायचे, प्रत्येक टेबल वेगळ्या माणसाला मासिक पैशांवर द्यायचं आणि त्याला 'मेंबर' म्हणायचं. मालकाची परवानगी करारातच असते, त्यामुळे सगळं राजरोस. काकांनी एका गाळ्यात चार धंदे बसवले म्हणून त्यांच्यावर दावा लागला. त्याच कल्पनेला आता गुंतवणूकदार मिळतात. काकांचं चुकलं एवढंच, की त्यांनी भिंतीला हिरवा रंग देऊन कुंडी ठेवली नाही.

दुसऱ्याच्या गाळ्यातला पोटभाडेकरू आपल्याला रस्त्याच्या पलीकडूनही ओळखू येतो. स्वतःच्या गाळ्यात बघायची वेळ आली, की नाती आडवी येतात. माझ्या ओळखीचे एक गृहस्थ एका कोर्टात वादी आहेत. त्यांच्या वाड्यातल्या दुकानात भाडेकरूने भाचा बसवलाय, तो भाचा नसून पोटभाडेकरू आहे, असा त्यांचा दावा. कोर्टाच्या त्याच इमारतीत, दोन दालनं सोडून, ते प्रतिवादी आहेत. तिथे त्यांनी भाड्याने घेतलेल्या गाळ्यात दुसराच माणूस धंदा करतो, असं त्या मालकाचं म्हणणं. दोन्हीकडे वकील एकच. सकाळच्या युक्तिवादाची फाइल तो दुपारी उलटी धरतो. एकदा कँटीनमध्ये मी न राहवून विचारलं, "दोन्हीकडे तुमचंच खरं कसं?"

ते दुखावले. "अहो, तिथे तो पोटभाडेकरू आहे. इथे आमचा जावई आहे."

"आणि जावयाकडून भाडं?"

"जावयाकडून कुणी भाडं घेतं का!" चहाची बशी खाली ठेवत ते म्हणाले. "तो मुलीच्या खात्यात टाकतो. ती आम्हाला पाठवते."